एका अक्षराचं स्टेशन

दोस्तांनो, आज सुरुवातीलाच एक कोडं घालतो.

आपल्या देशातल्या प्रत्येक रेल्वे स्टेशनाला इंग्रजी अक्षरांचं एक टोपणनाव असतं. तारायंत्राच्या काळात लांबलचक नावं कट्ट-कडकट्ट करत पाठवायला फार वेळ लागे. मग नावांऐवजी दोन-चार अक्षरं पाठवायची युक्ती निघाली. तारायंत्र गेलं, पण अक्षरं राहिली. आजही ती तिकिटावर आणि वेळापत्रकात दिसतात. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला चार अक्षरं लागतात, सीएसएमटी. मनमाडला तीन, एमएमआर. परभणीला तीन, पीबीएन. तर सांगा पाहू, मराठवाड्यातल्या कोणत्या स्टेशनाला फक्त एकच अक्षर पुरतं?

हरलात ना? उत्तर आहे जालना. अक्षर 'जे'. बस्स, एवढंच!

आता नाव एवढंसं म्हणून स्टेशनही एवढंसंच असेल, असं मात्र समजू नका. या एका अक्षराच्या स्टेशनावरून रोज सकाळी कितीतरी माणसं बाहेरगावी जातात आणि संध्याकाळी घरी परत येतात. त्यांची गोष्ट आज मी तुम्हाला सांगणार आहे. चला तर, डबा भरून घ्या, पाण्याची बाटली घ्या आणि निघा.

जुन्यात की नव्यात?

जालन्यात पाहुणा आला, की रिक्षावाला पहिला प्रश्न विचारतो, "जुन्यात जायचं का नव्यात?" पाहुणा गोंधळतो. पण जालनेकरांना हा प्रश्न अगदी साधा वाटतो. कारण जालना एक नाही, दोन आहेत! मधून कुंडलिका नदी वाहते. तिच्या एका काठाला जुना जालना आणि दुसऱ्या काठाला नवा जालना. नव्या जालन्याला पूर्वी कादराबाद म्हणत. 'नवा' म्हटलं तरी तो काही काल-परवाचा नाही बरं का. त्यालाही आता कैक पिढ्या झाल्या. पण एकदा पडलेलं नाव पडलं!

हे गाव पहिल्यापासून व्यापाराचं. 'जालना, सोने का पालना' अशी इथली जुनी म्हण आहे. आज इथे लोखंडी सळया बनवणाऱ्या भट्ट्या आहेत. आसपासच्या शिवारात मोसंबीच्या बागा आहेत. बियाण्यांचा उद्योगही इथलाच. बद्रीनारायण बारवाले यांनी 1964 मध्ये जालन्यात बियाण्यांची कंपनी सुरू केली आणि पुढे 1998 मध्ये त्यांना जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. जालना जिल्हा मात्र वयाने लहान आहे. 1 मे 1981 रोजी तो वेगळा झाला, म्हणजे तुमच्या आईबाबांच्या वयाचा म्हणा ना!

रेल्वे स्टेशन आहे जुन्या जालन्यात. त्यामुळे नव्या जालन्यातल्या माणसाला गाडी गाठायची, तर आधी नदी ओलांडावी लागते. गांधी चमन मागे टाकायचं, स्टेशनाच्या रस्त्याला लागायचं आणि घड्याळाकडे बघत पाय उचलायचे. थंडीच्या दिवसांत सकाळी तुम्ही इथे उभे राहा. कानटोपी घातलेले, मफलर गुंडाळलेले, खांद्याला पिशवी लावलेले लोक झपझप चालताना दिसतील. कुणी धावत नाही, पण कुणी रेंगाळतही नाही. ही रोजची माणसं आहेत. कुठल्या पावलाला किती वाजतात, हे त्यांना पाठ असतं.

अप-डाऊन म्हणजे काय रे भाऊ?

"तुमचे बाबा काय करतात?" असं जालन्यातल्या एखाद्या मुलाला विचारा. तो सांगेल, "अप-डाऊन करतात."

अप आणि डाऊन हे खरं तर रेल्वेचे शब्द. मार्गाच्या एका दिशेला 'अप' म्हणायचं आणि उलट दिशेला 'डाऊन'. लोकांनी हे दोन्ही शब्द उचलले, जोडले आणि त्यांचं चक्क क्रियापद केलं! रोज एका गावाहून दुसऱ्या गावाला कामाला जाणं आणि परत येणं म्हणजे अप-डाऊन करणं.

जालन्याची माणसं बहुतेक करून छत्रपती संभाजीनगरला, म्हणजे पूर्वीच्या औरंगाबादला, अप-डाऊन करतात. हे अंतर सुमारे 63 किलोमीटर. तिथे विद्यापीठ आहे, हायकोर्टाचं खंडपीठ आहे, 'घाटी' या नावाने सगळ्या मराठवाड्याला माहीत असलेला मोठा सरकारी दवाखाना आहे, कारखाने आहेत. वाटेत बदनापूर, करमाड, चिकलठाणा, मुकुंदवाडी अशी स्टेशनं लागतात. मुकुंदवाडीला तर अर्धी गाडी उतरते की काय, असं वाटतं. कारण शहराच्या त्या बाजूची वस्ती आणि चिकलठाण्याची औद्योगिक वसाहत तिथून जवळ पडते. उलट, संभाजीनगरहून सकाळी जालन्याला येणारेही असतात. कुणी शिक्षक, कुणी बँकेतले, कुणी सरकारी कचेरीतले.

यांची लाडकी गाडी म्हणजे मराठवाडा एक्स्प्रेस. ती धर्माबादहून निघते आणि नांदेड, परभणी, जालना, संभाजीनगर करत मनमाडला जाते. तीच संध्याकाळी उलटी येते. सकाळी न्यायची आणि संध्याकाळी आणून सोडायची, असं हिचं काम. तपोवन, देवगिरी, नंदीग्राम, सचखंड या गाड्याही जालन्याला थांबतात. त्या मुंबईला जातात, अमृतसरला जातात, फार लांब लांब जातात. त्यांचा थाट मोठा. पण रोज अप-डाऊन करणाऱ्याला विचाराल, तर तो मराठवाडा एक्स्प्रेसचंच नाव घेईल.

तुमच्यातल्या मुंबईकर दोस्तांना आता हसू येत असेल. "हात्तिच्या, एवढंच? आमच्याकडे तर एक लोकल गेली, की पाठोपाठ दुसरी!" खरं आहे. मुंबईच्या बोरीबंदरहून ठाण्याला 16 एप्रिल 1853 रोजी आपल्या देशातली पहिली प्रवासी गाडी धावली. 3 फेब्रुवारी 1925 ला तिथेच विजेची पहिली लोकल सुरू झाली. आता नकाशा काढा. सीएसएमटीपासून बदलापूर आहे सुमारे 68 किलोमीटर. म्हणजे जालन्याहून संभाजीनगर बदलापूरपेक्षाही थोडं जवळच की! पण बदलापूरच्या माणसाची एक लोकल हुकली, तर तो पुढची पकडतो. जालन्याच्या माणसाची सकाळची गाडी हुकली, तर त्याचा अर्धा दिवस हुकतो. मग एस. टी. स्टँडकडे धाव, तिकिटाचा जास्त पैसा आणि वर साहेबांची बोलणी!

म्हणून तर ती माणसं सकाळी झपझप चालत असतात. आता कळलं?

तुमच्या कामाची गोष्ट

ही पुढची माहिती नीट वाचा. पाहिजे तर वहीत लिहून ठेवा, कारण ती तुमच्याच कामाची आहे.

रोज जाणाऱ्याने रोज तिकीट काढायचं नसतं. त्याने पास काढायचा. रेल्वेचा महिन्याचा पास असतो, तीन महिन्यांचाही असतो. असा पास 150 किलोमीटरपर्यंतच्या अंतराला मिळतो. म्हणजे जालना ते संभाजीनगर त्यात आरामात बसतं. शाळा-कॉलेजला जाणाऱ्यांसाठी तर आणखी मोठी सोय आहे. मुलींना पदवीपर्यंत आणि मुलांना बारावीपर्यंत, घर ते शाळा किंवा कॉलेज एवढ्या प्रवासासाठी दुसऱ्या वर्गाचा महिन्याचा पास फुकट मिळतो. शाळेचा किंवा कॉलेजचा दाखला मात्र लागतो. मुलांपेक्षा मुलींना ही सवलत जास्त वर्षं का, याचा जरा विचार करा. घरात पैशाची ओढाताण झाली, की आधी कुणाचं शिक्षण थांबतं, हे तुम्हाला माहीत असेल.

समजा, जुन्या जालन्यात राहणाऱ्या एका ताईला संभाजीनगरच्या कॉलेजात प्रवेश मिळाला आहे. हॉस्टेलचा खर्च घरच्यांना झेपणारा नाही. रोजच्या एस. टी.ला पैसे पुरायचे नाहीत. अशा वेळी तिच्या हातात पास असला आणि सकाळची गाडी वेळेवर असली, तर तिचं कॉलेज चालू राहतं. गाडी रोज उशिरा आली, तर पहिला तास बुडतो. संध्याकाळची गाडी उशिरा आली, तर घरी यायला अंधार पडतो. मग घरातलं कुणीतरी म्हणतं, "जाऊ दे, नको ते कॉलेज." म्हणजे बघा, गाडीच्या वेळापत्रकातली पंधरा मिनिटं एखाद्या मुलीच्या शिक्षणाशी कशी जोडलेली असतात!

आणि हो, पास असला म्हणून कुठल्याही डब्यात शिरायचं नाही. आरक्षण असलेल्या डब्यात पास चालत नाही. पासवाल्यांची जागा जनरलच्या डब्यात. तिथे तिघांच्या बाकावर चौथ्याने टेकायचं, पाचव्याने दांडा धरायचा आणि बदनापूरला म्हातारी आजी चढली, की पहिल्याने उठायचं. हे काही कुठल्या पाटीवर लिहिलेलं नसतं. रोज एकत्र जाणाऱ्यांनी ते आपसांत ठरवलेलं असतं.

बांधावरची दोन माणसं

पण गाडी उशिरा का होते हो? ड्रायव्हर झोपतो का? छे!

तुम्ही कधी शेताच्या बांधावरून चालला आहात का? बांध अरुंद असतो. समोरून दुसरं माणूस आलं, की दोघांपैकी एकाला बाजूला व्हावं लागतं. माणूस चिखलात पाय ठेवून बाजूला होऊ शकतो. आगगाडीला ते जमायचं नाही. जालन्याचा रूळमार्ग आहे एकेरी, म्हणजे जाणाऱ्या आणि येणाऱ्या दोन्ही गाड्यांना एकच वाट. मग समोरासमोर दोन गाड्या आल्या तर?

त्यासाठी स्टेशनात रुळांना फाटे फोडलेले असतात. एका गाडीला फाट्यावर घेऊन थांबवतात. समोरची गाडी धडधडत निघून जाते. मग थांबलेलीला सिग्नल मिळतो. यालाच म्हणतात क्रॉसिंग. दोन स्टेशनांच्या मधल्या वाटेवर एका वेळी दोन समोरासमोरच्या गाड्या कधीही सोडत नाहीत. हा नियम अगदी कडक आहे. त्यावरच सगळ्यांचा जीव अवलंबून असतो.

पूर्वी एकेरी मार्गावर हा नियम पाळायची मोठी गमतीदार रीत होती. शेजारच्या दोन स्टेशनांत एकमेकांशी तारेने जोडलेली यंत्रं असत. त्यात लोखंडी गोळे असत. पुढच्या स्टेशनमास्तरने तिकडून संमती दिल्याशिवाय इकडच्या यंत्रातून गोळा बाहेरच पडत नसे. आणि एक गोळा बाहेर पडला, की तो पुन्हा यंत्रात जाईपर्यंत दुसरा निघत नसे. तो गोळा एका मोठ्या कड्याला बांधलेल्या पिशवीत घालून ड्रायव्हरला द्यायचा. गोळा हातात असेल, तरच गाडी पुढे न्यायची. न थांबणाऱ्या गाडीचा माणूस धावत्या इंजिनातून हात बाहेर काढून ते कडं दंडात अडकवून घेई! तुमच्या आजोबांना विचारा, त्यांनी हे नक्की पाहिलं असेल. आता हे काम विजेचे सिग्नल करतात. नियम मात्र तोच आहे.

आता प्रश्न असा, की दोन गाड्यांपैकी थांबायचं कुणी? बहुधा लांबच्या, वेगवान गाडीला आधी वाट देतात आणि गावोगाव थांबणारी गाडी बाजूला उभी राहते. म्हणजे एखादा माणूस वर्षातून एकदा मुंबईला जात असेल, तर तो पुढे जातो. रोज जाणारे करमाडला किंवा बदनापूरला खिडकीतून त्याची गाडी जाताना बघत बसतात.

एक छोटं गणित करू. समजा, क्रॉसिंगमुळे जाताना 15 मिनिटं गेली आणि येताना 15 मिनिटं गेली. महिन्याचे कामाचे दिवस धरा 25. किती झाले? 750 मिनिटं. म्हणजे साडेबारा तास! महिन्यातला एक अख्खा दिवस उजाडल्यापासून मावळेपर्यंत नुसता थांबण्यात गेला. तेवढ्या वेळात तुमचा किती अभ्यास झाला असता? बरं, अभ्यास राहू द्या, किती क्रिकेट झालं असतं?

यावर उपाय एकच, दुसरा रूळमार्ग टाकायचा. छत्रपती संभाजीनगर ते परभणी हा 177 किलोमीटरचा मार्ग दुहेरी करायला केंद्र सरकारने जुलै 2025 मध्ये मंजुरी दिली. जालना याच पट्ट्यात येतं. अरुंद बांधाचा असा रुंद रस्ता होणार आहे म्हणा ना. पण मंजुरी मिळाली म्हणजे रूळ पडले असं होत नाही. हे जालनेकरांना पुरतं ठाऊक आहे. का, ते पुढे ऐका.

छोटी गाडी, मोठी गाडी

जालन्याला आगगाडी आली, तेव्हा इथे हैदराबादच्या निजामाचं राज्य होतं. हैदराबादहून गोदावरीच्या खोऱ्यातून मनमाडपर्यंत एक मार्ग टाकण्यात आला. ही गोष्ट 1900 च्या आसपासची. पण हा मार्ग होता मीटरगेज. नावातच आहे पाहा, दोन रुळांमध्ये अंतर फक्त एक मीटर. मुंबईहून मनमाडवरून पुढे जाणारा मोठा मार्ग मात्र ब्रॉडगेज. त्यात अंतर 1676 मिलिमीटर. म्हणजे एका मार्गाचा डबा दुसऱ्यावर चढणंच शक्य नव्हतं!

मग काय व्हायचं? मुंबईहून जालन्याला येणारा माणूस मनमाडला उतरायचा. वळकटी, ट्रंक, पोरंबाळं सगळं घेऊन 'छोट्या गाडी'त बसायचा. मालाचंही तेच. पोती एका डब्यातून उतरवायची आणि दुसऱ्यात चढवायची. त्यात वेळ जाई, हमाली लागे आणि पोती फाटत ती वेगळीच. असं किती वर्षं चाललं असेल? जवळजवळ नव्वद वर्षं!

निजामाचं राज्य 1948 मध्ये संपलं. त्याची रेल्वे भारतीय रेल्वेत आली. पण रूळ तेवढेच अरुंद राहिले. हा मार्ग रुंद करा, ही मागणी मराठवाड्याने सोडली नाही. स्वातंत्र्यसेनानी गोविंदभाई श्रॉफ यांनी ती लावून धरली. 1974 मध्ये मराठवाड्यात विकासासाठी मोठं आंदोलन झालं. त्यात पुढे कोण होतं, माहीत आहे? विद्यार्थी! तुमच्याहून थोड्याच मोठ्या दादा-ताईंनी रस्त्यावर येऊन ज्या गोष्टी मागितल्या, त्यात रुंद रेल्वेही होती. शेवटी 1990 नंतरच्या काही वर्षांत हा मार्ग टप्प्याटप्प्याने रुंद झाला आणि जालन्याहून मुंबईला एकाच गाडीने जाता येऊ लागलं. ज्यांनी घोषणा दिल्या होत्या, त्यांची मुलं तोवर शाळेत जाऊ लागली होती.

आणखी एक गंमत सांगतो. जालन्याची माणसं जातात पश्चिमेला, संभाजीनगर-मुंबईकडे. पण स्टेशन येतं दक्षिण मध्य रेल्वेत. 1966 मध्ये स्थापन झालेल्या या रेल्वेचं मुख्यालय आहे सिकंदराबादला, म्हणजे पूर्वेकडे. 2003 पासून नांदेडला वेगळा विभाग झाला आणि जालना त्यात आलं. थोडक्यात काय, प्रवासी जातो एका दिशेला आणि त्याचा अर्ज जातो दुसऱ्या दिशेला!

आपली गाडी, त्यांची गाडी

30 डिसेंबर 2023 या दिवशी जालन्याच्या स्टेशनावर तोबा गर्दी झाली होती. वंदे भारत एक्स्प्रेस इथून मुंबईला सुटली. तोवर रुळांवर विजेच्या तारा आल्या होत्या. पांढरीशुभ्र, टोकदार नाकाची ती गाडी जालन्याहूनच निघायची. जनशताब्दी एक्स्प्रेसही तेव्हा इथूनच निघत असे. गाडी आपल्या गावाहून सुटते याची मजा वेगळीच असते. गाडी आधीच फलाटाला लागलेली असते, डबे रिकामे असतात, खिडकी मिळते.

पण 2024 मध्ये जनशताब्दी हिंगोलीपर्यंत वाढवली गेली आणि ऑगस्ट 2025 मध्ये वंदे भारत नांदेडपर्यंत गेली. आता या गाड्या जालन्याला मधेच येतात. तुम्ही जालन्याचे असाल, तर तुम्हाला वाटेल, "आमची गाडी नेली!" तुम्ही परभणीचे असाल, तर वाटेल, "चला, आम्हालाही मिळाली!" दोघांचंही खरं आहे. बाकावर चौथा आला, की पहिल्या तिघांना थोडं सरकावं लागतं. तो चौथा म्हणजे कधीकाळचे आपणच असतो.

न परतलेली माणसं

आता एक गोष्ट सांगायची आहे. ती सांगावी की नाही, याचा मी बराच विचार केला. पण या मार्गाबद्दल लिहायचं आणि ती टाळायची, हे बरं नाही.

मार्च 2020 च्या अखेरीस करोनाच्या साथीमुळे देशभरातल्या प्रवासी गाड्या बंद झाल्या. जालन्यात लोखंडाच्या कारखान्यात काम करणारे मध्य प्रदेशातले काही मजूर घरापासून लांब अडकून पडले. काम नाही, गाडी नाही. मे महिन्यात ते पायी निघाले. पुढे गेलं, की गावाकडे जाणारी गाडी मिळेल, अशी त्यांना आशा होती. वाट चुकू नये म्हणून ते रुळांच्या कडेने चालले. रात्रभर चालून थकले आणि बदनापूर-करमाडच्या दरम्यान रुळांवरच टेकले. गाड्या बंद आहेत, असं त्यांना वाटलं असणार. डोळा लागला. पण मालगाड्या बंद नव्हत्या. 8 मे 2020 च्या पहाटे आलेल्या मालगाडीखाली 16 जण गेले. त्यांनी वाटेत खायला बरोबर घेतलेल्या पोळ्या रुळांवर पडलेल्या होत्या.

दोस्तांनो, यातून दोन गोष्टी लक्षात ठेवा. पहिली अगदी साधी. फलाट रिकामा असला, तिकीटखिडकी बंद असली, तरी रूळ कधी झोपत नाही. रुळांवर चालायचं नाही, बसायचं नाही, फोटो काढायला तर मुळीच जायचं नाही. पलीकडच्या फलाटावर जायचं असेल, तर पुलाच्या पायऱ्या चढायच्या. पाय दुखले तरी चालतील.

दुसरी गोष्ट जरा विचार करण्यासारखी आहे. आपल्या घराच्या भिंतीत जी सळई असते, ती कुणीतरी तापलेल्या भट्टीसमोर उभं राहून केलेली असते. तो माणूस कुठल्या गावचा आहे, त्याचं घर किती लांब आहे, हे आपण कधी विचारत नाही. पुढच्या वेळी स्टेशनावर गाठोड्याजवळ बसलेला असा कुणी दिसला आणि त्याने विचारलं, "बेटा, ये गाडी कहाँ जाती है?" तर घाईने पुढे जाऊ नका. पाटी वाचून दाखवा. दोन मिनिटंच लागतात.

संध्याकाळ

आता परत फिरू या. सूर्य खाली गेला आहे. मनमाडकडून मराठवाडा एक्स्प्रेस यायची आहे. स्टेशनाबाहेर दुचाक्यांवर माणसं थांबली आहेत. कुणी बहिणीला न्यायला आलं आहे, कुणी आईला. रिक्षावाले "नवा जालना, नवा जालना" ओरडत आहेत.

या फलाटावर उभं राहून पुढचं थोडं बघायचं का? ऑगस्ट 2024 मध्ये जालना ते जळगाव या 174 किलोमीटरच्या नव्या मार्गाला मंजुरी मिळाली. तो भोकरदन, सिल्लोड, अजिंठा या बाजूने जाणार आहे. म्हणजे आजवर ज्या गावांनी आगगाडीची शिट्टी ऐकली नाही, त्या गावांतली मुलंही उद्या अप-डाऊन करतील. आणि जालना होईल जंक्शन! ते होईपर्यंत तुम्ही मोठे झालेले असाल. कुणी इंजिनिअर होऊन ते रूळ टाकाल, कुणी स्टेशनमास्तर होऊन सिग्नल द्याल. आणि कुणी ते काम का रखडलं, म्हणून पत्र लिहाल. तेही काम महत्त्वाचंच आहे बरं का!

तोपर्यंत एक करा. तुमच्या जवळच्या स्टेशनाची अक्षरं कोणती, ते शोधा. तिथला मार्ग एकेरी आहे की दुहेरी, ते बघा. घरातलं किंवा शेजारचं कुणी अप-डाऊन करत असेल, तर त्यांना विचारा, "तुमची गाडी रोज किती मिनिटं थांबते? कुठे थांबते? कुणासाठी थांबते?" एक महिनाभर वहीत लिहा. मग बेरीज करून बघा.

ती पाहा, लांब दिवा दिसला. गाडी येतेय. रुळांपासून दोन पावलं मागे सरका. दारातून एक ताई डोकावते आहे, हातात पुस्तकांची पिशवी आहे. बाहेर दुचाकीवर तिचा भाऊ थांबला आहे. गाडी आज वीस मिनिटं उशिरा आली. पण आली. ताई उतरली, पुलाच्या पायऱ्या चढून पलीकडे गेली आणि भावाच्या मागे बसली.

"काय गं, आज कुठे अडकली होती गाडी?"

"करमाडला क्रॉसिंग होतं," ती म्हणाली. "चल लवकर, भूक लागलीय."